वहाळातल्या प्लॅनेरियाचे तुकडे का विरघळले?

प्रश्न कुडाळकडच्या एका माध्यमिक शाळेतल्या विज्ञानाच्या सरांचा आहे. बाकीच्यांना संदर्भ लागावा म्हणून आधी गोषवारा. डिसेंबरच्या विज्ञान प्रदर्शनासाठी मुलांनी शाळेमागच्या वहाळातून बारा प्लॅनेरिया, म्हणजे गोड्या पाण्यातले छोटे चपटे कृमी, पकडले आणि त्याच दुपारी ब्लेडने प्रत्येकाचे तीन तुकडे केले. तीस तुकडे एका प्लॅस्टिकच्या डब्यात, शाळेच्या विहिरीच्या पाण्यात, वर्गाच्या खिडकीत ठेवले. डब्यात गर्दी झाली म्हणून उरलेले सहा एका मुलीने करवंटीत वहाळाचंच पाणी घेऊन माठाखाली ठेवले. तिसऱ्या दिवशी डब्यात नुसती पांढरी बुळबुळ. करवंटीतले पाच तुकडे मात्र अजून हलतायत. याशिवाय दोन जोडप्रश्न आहेत. एका पालकांनी आगरात कोयत्याने तोडलेला, हातोडीसारख्या डोक्याचा लांब किडा हाच प्राणी का? आणि समुद्रातले रंगीत चपटे कृमी आणून हाच प्रयोग होईल का? सरांचं मूळ वाक्य असं: "२७९ तुकड्यांतूनही नवा कृमी होतो म्हणतात, मग आमचे तीनच केले तरी का मेले?"

सर, आधी त्या २७९ चा हिशेब लावू, कारण निम्मा गैरसमज तिथूनच सुरू होतो. हा आकडा थॉमस हंट मॉर्गन यांचा, १८९८ सालचा. फळमाशीवरच्या कामासाठी त्यांना नोबेल मिळालं ते पुढे १९३३ मध्ये. त्याआधी ते प्लॅनेरिया कापत होते. पण त्यांनी एका कृमीचे २७९ तुकडे केले आणि २७९ कृमी झाले, असं घडलेलं नाही. मूळ शरीराच्या साधारण २७९व्या भागाएवढा एक तुकडासुद्धा पुन्हा पूर्ण होऊ शकला, एवढंच. ती खालची मर्यादा आहे, सरासरी नव्हे. तीन तुकडे हे मात्र अगदी सोपं काम आहे. निरोगी कृमी असेल आणि पाणी बरं असेल तर तिन्ही तुकडे जगायला हवेत. म्हणून तुमच्याकडे चुकलं ते तुकड्यांच्या संख्येत नाही, तुकडे ज्यात ठेवले त्यात आणि कापण्याआधीच्या तयारीत चुकलं.

त्या मुलीने नकळत तुमच्यासाठी तुलनेचा संच करून ठेवलाय. तिच्या करवंटीत सहापैकी पाच जगले, डब्यात तीसपैकी एकही नाही. फक्त घाईने 'विहिरीचं पाणी वाईट' असा निष्कर्ष काढू नका. करवंटी आणि डबा यांत तीन गोष्टी वेगळ्या होत्या: पाणी, गर्दी आणि ऊन. माझा संशय पाण्यावर सगळ्यात जास्त आहे. का, ते या प्राण्याची रचना पाहिली की लक्षात येईल.

प्लॅनेरियाला ना फुप्फुसं, ना कल्ले, ना हृदय, ना रक्त. प्राणवायू थेट कातडीतून झिरपून आत जातो, म्हणूनच शरीर चपटं. जाडी अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास असेल तर झिरपण्यावर भागतं, त्याहून फुगला तर मधल्या पेशी गुदमरतील. पोटाकडच्या बाजूला केसल, म्हणजे केसांसारखे अगदी बारीक तंतू असतात, ते चिकट स्रावाच्या थरावर वल्ह्यांसारखे चालतात. त्यामुळे प्लॅनेरिया सरपटत नाही, काचेवरून तेलाचा थेंब घसरावा तसा सरकतो. जळूशी गल्लत होते ती इथेच ओळखता येते. जळू दोन्ही टोकांच्या चूषकांनी वीत मोजल्यासारखी चालते. बारातले एक-दोन जळवांची पिल्लं असतील तर त्यांचे तुकडे कुठल्याही पाण्यात मरणारच, जळवेला ही विद्या नाही.

आता तोंड. मुलांना विचारा, दहातले नऊ डोक्याकडे बोट दाखवतील. प्रत्यक्षात तोंड पोटाच्या मधोमध खालच्या बाजूला असतं. पारदर्शक डबीत कोंबडीच्या कलेजीचा डाळीएवढा तुकडा टाका आणि डबी डोक्यावर धरून खालून भिंगातून बघा. कृमी कलेजीवर चढतो, दोन मिनिटं स्वस्थ बसतो आणि मग पोटातून एक पांढरी नळी बाहेर येते. हत्तीच्या सोंडेसारखी ती चाचपते, कलेजीत घुसते आणि तिच्या लाटा आतल्या दिशेने जाताना दिसतात. ती नळी म्हणजे ग्रसनी. तिथून अन्न जातं ते आतड्यात. आतड्याच्या तीन मुख्य शाखा: एक डोक्याकडे, दोन शेपटीकडे, आणि प्रत्येकीला बारीक फाटे. रक्त नसल्यामुळे अन्न शरीरभर पोचवण्याचं कामही याच फाट्यांचं. गुदद्वार नाही, उरलेला चोथा आला त्याच वाटेने बाहेर. फिकट रंगाचा कृमी असेल तर कलेजीत खाण्याचा लाल रंग थेंबभर कालवून द्या. तासाभरात तीन शाखांचं झाड पाठीतून स्पष्ट दिसतं. प्रदर्शनात हा भाग तुकड्यांपेक्षा जास्त गर्दी खेचतो.

डोक्यावरचे दोन काळे ठिपके म्हणजे डोळे, पण त्यांत भिंग नाही. रंगद्रव्याची एक वाटी आणि तिच्या तोंडाशी प्रकाश ओळखणाऱ्या पेशी. उजेड कुठल्या बाजूने येतो एवढं कळतं आणि कृमी अंधाराकडे वळतो. वाटीबाहेरचा पांढरा भाग दिसतो म्हणून तो तिरळा वाटतो. बाजूची दोन त्रिकोणी टोकं कानांसारखी दिसतात, काम मात्र नाकाचं करतात. डोळ्यांच्या मागे दोन खंडांचा मेंदू आणि तिथून शेपटीपर्यंत गेलेल्या दोन चेतारज्जू, मध्ये आडव्या जोडण्या, शिडीसारख्या. कातडी आणि आतडं यांच्या मधली सगळी जागा भरीव ऊतीने भरलेली, पोकळी नाही. जादू आहे ती याच भरणात.

या भरणात निओब्लास्ट नावाच्या मूलपेशी विखुरलेल्या असतात, शरीरातल्या साधारण पाच पेशींमागे एक किंवा थोड्या जास्तच. प्लॅनेरियाच्या शरीरात विभाजन फक्त यांचंच होतं. कातडीची पेशी झिजली, चेतापेशी मेली, तरी भरपाई निओब्लास्टकडूनच येते. म्हणजे पुनर्जनन हे संकटकाळी काढायचं हत्यार नाही, रोजच्या डागडुजीचंच मोठं रूप आहे. क्ष-किरणांनी हे निओब्लास्ट मारले की कृमी कापला नाही तरी काही आठवड्यांत मरतो. २०११ मध्ये अशाच किरणांनी रिकाम्या केलेल्या कृमींमध्ये दुसऱ्या कृमीची एकच मूलपेशी सोडली गेली, आणि त्यांतले काही कृमी त्या एका पेशीच्या वंशावर पुन्हा उभे राहिले. आता व्यवहाराची गोष्ट: डोळ्यांच्या पुढच्या टोकात आणि ग्रसनीत निओब्लास्ट नसतात. म्हणून नाकाडाचं टोक किंवा कापताना सुटून आलेली ग्रसनी कितीही जपली तरी तिच्यातून कृमी होत नाही. सुटी ग्रसनी काही काळ स्वतःहून वळवळते, मुलांना वाटतं हाही एक तुकडा. तो मोजणीतून वगळा.

तुकडा कापल्यावर पुढच्या टोकाला डोकं करायचं आणि मागच्या टोकाला शेपूट, हे त्याला कळतं कसं? जखम दोन्हीकडे सारखीच असते. शेपटीकडे विंट नावाच्या संदेशाचा जोर असतो. पुढच्या बाजूच्या जखमेपाशी हा संदेश दाबणारं प्रथिन तयार होतं, तिथे डोकं येतं. मागच्या जखमेपाशी संदेश चालू राहतो, तिथे शेपूट. हा संदेश पुढे नेणारं बीटा-कॅटेनिन प्रयोगशाळेत बंद पाडलं तर शेपटीच्या जागीही डोकं उगवतं, हे २००८ मध्ये दाखवलं गेलं. त्याहून बोलकं उदाहरण म्हणजे डेंड्रोसीलम लॅक्टियम हा युरोपातला दुधट पांढरा प्लॅनेरिया. याचं मागचं अंग कापून ठेवलं तर त्याला डोकं येत नाही. २०१३ मध्ये त्याच्यातलं बीटा-कॅटेनिन दाबल्यावर त्याच मागच्या अंगाला डोकं आलं. मूलपेशी होत्याच, अडलं होतं ते सांगण्यावर. म्हणूनच 'प्लॅनेरिया म्हणजे कुठूनही कापा, उगवतोच' हे सरसकट खरं नाही. तुमच्या वहाळातली जात कोणती हे भिंगातून ठरत नाही. आपल्याकडच्या गोड्या पाण्यात बहुधा ड्युगेसिया वंशातल्या जाती सापडतात, आणि त्यांची पुनर्जननाची ताकद चांगली असते. करवंटीतले पाच तुकडे तेच सांगतायत.

आता डब्यात काय झालं ते. कातडी हेच श्वासाचं अंग असलेल्या प्राण्याला पाण्यातली प्रत्येक गोष्ट थेट बाधते, आणि कापलेल्या तुकड्याला तर एका बाजूने कातडीच नसते. पहिला संशयित क्लोरीन. शाळेच्या किंवा वाडीच्या विहिरीत ग्रामपंचायत टीसीएल पावडर टाकते. ती टाकून दोन-तीनच दिवस झाले असतील तर ते पाणी तुकड्यांसाठी विषच. पावडर कधी टाकली ते शिपायाला विचारा, अर्धं उत्तर तिथे मिळेल. दुसरं तांबं. पाणी तांब्याच्या कळशीतून किंवा तपेल्यातून आलं असेल तर प्लॅनेरिया आपल्याला चालेल इतक्या कमी तांब्यानेही मरतात. तिसरी गोष्ट खास आपल्याकडची: सुपारी. पोफळीतलं अॅरेकोलिन कृमींचे स्नायू लुळे पाडतं. पूर्वी जंतांवर सुपारी देत ती याचसाठी, आणि मत्स्यटाकीतले प्लॅनेरिया मारायच्या एका औषधात पोफळीचाच अर्क असतो. सुपारी सोललेल्या हाताने डबा हाताळू नका आणि सुपारी भिजत घातलेलं भांडं कितीही घासलेलं असलं तरी वापरू नका. चौथं साबण. ब्लेड साबणाने धुऊन नीट खळबळलं नाही, डबा पावडरने घासला, तर पोटाखालचा चिकट थर आणि केसल दोन्ही जातात. उलट टोकाची चूक म्हणजे 'शुद्ध' म्हणून आरओचं किंवा बॅटरीचं पाणी. त्यात क्षार जवळजवळ नसतात, पाणी पेशींत शिरत राहतं आणि तुकडा फुगून फुटतो.

पण समजा पाणी निर्दोष होतं, तरी पकडले त्याच दिवशी कापले हे चुकलंच. नुकत्याच जेवलेल्या कृमीचं आतडं भरलेलं असतं. ते चिरलं की आतला माल बाहेर येतो, त्यावर जिवाणू वाढतात. एक तुकडा सडला की त्याच्या घाणीने शेजारचा, मग तिसरा. एका डब्यात तीस तुकडे असले तर छत्तीस तासांत सगळं संपतं. तिसऱ्या दिवशीची ती बुळबुळ बहुतेक या साखळीची आहे. खिडकीतल्या उन्हाने तिला वेग दिला असणार.

तर पुन्हा करायचं झाल्यास असं करा. प्रदर्शनाआधी किमान चार आठवडे हातात हवेत. संध्याकाळी वहाळाच्या सावलीतल्या कोंडीत, जिथे पातेरा कुजलाय आणि पाणी हळू वाहतंय, तिथे कलेजीचा सुपारीएवढा तुकडा फडक्यात बांधून जांभ्याच्या दगडाखाली ठेवा. पाऊण तासाने फडकं अलगद उचलून पांढऱ्या ताटलीत झटका. चिमट्याने धरू नका. मऊ रंगाच्या ब्रशने किंवा टोक कापून तोंड मोठं केलेल्या ड्रॉपरने उचला. पंधरा-वीस पुरेत, वहाळ रिकामा करायचा नाही. त्याच जागचं पाच लिटर पाणी घ्या आणि चौपदरी सुती फडक्यातून गाळा. त्या वेळी पातेऱ्याखालचं पाणी किती गार आहे ते थर्मामीटरने बघून लिहून ठेवा. तुमचा डबा तेवढाच गार राहायला हवा. साधारण २० ते २५ अंश चांगलं, तिशीच्या वर धोका.

डिसेंबरात किनाऱ्याकडे दुपार तिशीला टेकते. थर्मोकोलच्या पेटीत डब्या ठेवून कोपऱ्यात बर्फाची बाटली सकाळ-संध्याकाळ बदलली की निभतं. ओल्या गोणपाटाचा उपाय देशावर छान चालतो, आपल्या दमट हवेत त्याने दोन-तीन अंशांपलीकडे फरक पडत नाही. फ्रिज नको, तिथली थंडी फार.

मग सात दिवस उपास. या दिवसांत रोज बघा, निम्मं पाणी एक दिवसाआड बदला, जो मरगळलेला दिसेल तो काढून टाका. उपासाने कृमीचं काही बिघडत नाही. महिनोन्महिने अन्न नसेल तर तो आकाराने लहान होत जातो, पेशींची संख्या घटवतो, आणि खायला मिळालं की पुन्हा वाढतो. एक फसगत मात्र होऊ शकते. सकाळी मोजले तर वीसाचे एकवीस. काही प्लॅनेरिया रात्री शेपूट जमिनीला चिकटवून पुढचा भाग ओढत राहतात आणि स्वतःला तोडून घेतात. ते त्यांचं नेहमीचं अलैंगिक प्रजनन आहे, कुणी मुलाने गुपचूप कापलेला नाही.

कापायचा दिवस. आठ-दहा मिलिमीटर किंवा त्याहून मोठे कृमी निवडा. बर्फाच्या पिशवीवर डबीचं झाकण उपडं ठेवा, त्यावर पाण्याने भिजवलेला टिश्यू कागद, त्यावर कृमी. थंडीने तो आधी आखडतो, मिनिटभरात सैल होऊन पसरतो, तेव्हाच कापा. नव्या दाढीच्या ब्लेडवर तेल असतं. ते स्पिरिटने पुसा आणि मग वहाळाच्या पाण्यात खळबळून घ्या. पातं सरळ वरून एका दाबात खाली, करवतीसारखं मागेपुढे नाही. चेचलेली कड बंद होत नाही आणि तिथूनच सड सुरू होते. करवंटीतला तो सहावा तुकडा असाच चेचला असण्याची शक्यता बरीच. पहिला काप 'कानांच्या' जरा मागे, दुसरा ग्रसनीच्या मागे. ग्रसनी पाठीतून मधल्या फिकट पट्ट्यासारखी दिसते, तिच्यावर पातं येऊ देऊ नका. प्रत्येक तुकडा वेगळ्या डबीत, तळाशी एक-दोन सेंटीमीटर पाणी, झाकण सैल, जागा अंधारी. डबीवर आकडा, तारीख आणि 'डोकं', 'मध्य', 'शेपूट' यांपैकी जे असेल ते. चोवीस तासांनी सगळं पाणी बदला, पुढे एक दिवसाआड निम्मं. तुकड्याची कड विस्कटलेली, धुरकट दिसली की ती डबीच बाजूला काढा. दोन आठवडे खायला काही नाही. मधल्या तुकड्यात जुनी ग्रसनी असते, पण त्यालाही देऊ नका, अन्नाने पाणीच आधी बिघडतं. आणि अंधार संपून उजेड लागला की तुकडे अस्वस्थ होतात, तेव्हा दर तासाला झाकण उघडून बघणाऱ्या मंडळींना आवर घाला.

काय दिसेल? जखमेच्या कडेचे स्नायू आखडून भोक लहान करतात आणि अर्ध्या-पाऊण तासात कातडी त्यावर पसरते. साधारण सहा तासांनी शरीरभर निओब्लास्टचं विभाजन वाढतं, मग दुसऱ्या दिवसाअखेर ते जखमेजवळ एकवटतं. यातलं भिंगाखाली काही दिसत नाही. दिसतं ते दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी: कापल्या जागी नखाच्या चंद्रकोरीसारखी पांढरी टोपी. तिला ब्लास्टेमा म्हणतात. पेशी नव्या म्हणून रंग अजून आलेला नाही. चौथ्या ते सहाव्या दिवशी शेपटीच्या तुकड्याच्या त्या टोपीत दोन टिंबं उमटतात, आधी करडी, मग काळी. मुलांच्या दृष्टीने हाच खरा क्षण, कारण कालपर्यंत निनावी असलेला तुकडा आज आपल्याकडे बघतोय असं वाटतं. आठवड्याच्या पुढे-मागे त्याच तुकड्यात ग्रसनी तयार होते, पण पांढऱ्या टोपीत नाही, जुन्या अंगात. म्हणजे नुसती भर पडत नाही. जुनं घर मोडून त्याच चिऱ्यांत नवं, लहान घर बसवलं जातं. डोक्याच्या तुकड्यात हे उलट दिसतं. शरीराच्या मानाने डोकं भलतंच मोठं, ते पुढच्या दिवसांत बारीक होत जातं आणि दोन आठवड्यांत सगळं प्रमाणात येतं. गारठा असेल तर या दिवसांत तीन-चार दिवसांची भर धरा.

प्रदर्शनासाठी एक युक्ती. सगळे एकाच दिवशी कापू नका. प्रदर्शनाआधी चौदा, सात, तीन आणि एक दिवस असे चार गट करून कापलेत तर एकाच टेबलावर सगळ्या अवस्था जिवंत दिसतील. मुलांना दोन डोक्यांचा कृमी हवाच असेल तर एकाचं डोकं मधोमध, ग्रसनीच्या बरंच अलीकडे थांबेपर्यंत उभं चिरा. दोन्ही कडा पुन्हा चिकटायला बघतात, म्हणून पहिले दोन-तीन दिवस रोज ती चीर मोकळी करावी लागते. हा प्रकार एकाच कृमीवर करा. या प्राण्याला मेंदू आहे आणि तो टोचलं-भाजलं की आक्रसून दूर पळतो. त्याला दुखतं का, असा प्रश्न एखादा मुलगा विचारेलच. तेव्हा बर्फ का वापरतो आणि संख्या का मोजकी ठेवतो, हे खरं ते सांगा.

माझ्या मते मात्र तुमच्या शाळेचा खरा प्रयोग वेगळाच आहे, आणि तो त्या मुलीच्या करवंटीतून निघालाय. चार गट करा: वहाळाचं पाणी, विहिरीचं ताजं पाणी, तेच विहिरीचं पाणी उघड्या बादलीत दोन दिवस ठेवलेलं, आणि आरओचं. प्रत्येक गटात तीन डब्यांत एकेक शेपटीचा तुकडा आणि चौथ्या डबीत एक न कापलेला कृमी. हा अख्खा कृमी विसरू नका. तो मेला तर पाणी मारतंय. तो मजेत आहे आणि तुकडे मेले, तर दोष कापण्यात किंवा जखमेत शोधा. जागा आणि गारवा सगळ्यांना सारखा. मग पाणी, गर्दी आणि ऊन यांपैकी पाण्याचा वाटा किती, ते अंदाजाने सांगावं लागणार नाही. आरओच्या गटातले कृमी जाणूनबुजून मारायचे नसतील तर तो गट गाळा, तीन गटांतही उत्तर मिळतं.

आता आगरातला किडा. फावड्यासारखं किंवा हातोडीसारखं आडवं डोकं, बोटभर ते वीतभर लांब, पाठीवर गडद उभ्या रेषा, अंग चिकट: हा बायपेलियम, जमिनीवर राहणारा चपटा कृमी. म्हणजे भाऊबंद, तोच प्राणी नव्हे. यांतला जगभर कुंड्यांच्या मातीतून पसरलेला बायपेलियम केवेन्से मूळचा आग्नेय आशियातला, पण १८७८ मध्ये लंडनच्या क्यू उद्यानातल्या काचघरात सापडलेल्या नमुन्यांवरून त्याला हे नाव पडलं. भारतात या वंशाच्या इतरही जाती आहेत, तेव्हा नुसत्या फोटोवरून मी केवेन्से असं ठामपणे म्हणणार नाही. पावसाळ्यात आणि शिंपण्याच्या आळ्यांत, सोडणांच्या (नारळाच्या सालींच्या) ढिगाखाली, कधी न्हाणीघरात तो दिसतो. माडा-पोफळीला तो काही करत नाही. त्याचं खाणं गांडुळं. गांडुळाला वेढा घालून पोटातली नळी बाहेर काढतो आणि बाहेरच विरघळवून शोषतो.

कोयत्याने तोडणं हा त्यावरचा सगळ्यात वाईट उपाय. केवेन्से वाढतोच तुटून: शेपटीचा एक-दोन सेंटीमीटरचा तुकडा मागे टाकतो, आणि त्याला आठवड्या-दीड आठवड्यात डोकं येतं. पालकांनी दोन तुकडे केले असतील तर आता तिथे दोन आहेत असं धरून चाला. काडीने उचलून मीठ घातलेल्या बाटलीत टाका आणि झाकण लावा, किंवा उकळतं पाणी ओता. मीठ आळ्यात फेकू नका, मुळांना बाधतं. हात लावायचा नाही. केंड माशात असतं तेच टेट्रोडोटॉक्सिन केवेन्सेत सापडल्याचं २०१४ मध्ये प्रसिद्ध झालंय. शिवल्याने माणूस मरत नाही, पण कोंबड्यांना घालू नये, आणि चुकून हात लागला तर साबणाने धुवावा. वर्गात प्रयोगाला हा प्राणी नकोच.

समुद्रातल्यांना तर हातच लावू नका. ओहोटीला खडकांच्या डबक्यांत झालरीसारख्या कडा हलवत जाणारे रंगीत चपटे कृमी पॉलिक्लॅड गटातले. त्यांच्या आतड्याला तीन नव्हे, असंख्य शाखा. लोक त्यांना समुद्री गोगलगाय समजतात. तिच्या पाठीवर बहुधा कल्ल्यांचा तुरा किंवा शिंगटं असतात, यांचं अंग मात्र कागदासारखं सपाट. यांना कडेचा किंवा मागचा भाग पुन्हा येतो, पण मेंदू ज्या तुकड्यात नाही त्याला सहसा डोकं येत नाही, म्हणून तुमचा तीन तुकड्यांचा प्रयोग तिथे एका तुकड्यावर अडकेल. शिवाय बादलीत आणल्यावर ते तासाभरात विरघळायला लागतात. मालवणची सहल असेल तर तिथला सागरी भाग १९८७ पासून अभयारण्य आहे, परवानगीशिवाय काही उचलायचं नाही. डबक्याशी वाकून बघा, फोटो काढा, दगड उलटला तर होता तसा परत ठेवा.

राहिले करवंटीतले पाच. त्यांना आज एकाच भांड्यात ठेवू नका, पाच डब्यांत विभागा. करवंटी जुनी, सुकलेली असेल तर तिचा दोष नाही, पण तिच्यात तुकडे दिसत नाहीत, म्हणून पारदर्शक डबी बरी. पाणी त्याच वहाळाचं, गाळलेलं. पांढरी टोपी कुठल्या टोकाला आहे ते प्रत्येकाचं चित्र काढून तारखेसह लिहून ठेवा. डोळे आणि ग्रसनी दोन्ही दिसल्याशिवाय कलेजी नाही. पहिलं जेवण मोहरीएवढं द्या, तासाभराने उरलेलं ड्रॉपरने काढा, पाणी लगेच एकदा आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा बदला. काम झालं की न कापलेले आणि पूर्ण वाढलेले सगळे कृमी त्याच वहाळात, त्याच कोंडीत, मार्चमध्ये पाणी आटायच्या आत सोडा. दुसऱ्या वहाळात नाही, आणि शाळेच्या विहिरीत तर मुळीच नाही.